गुरुवारी तीनचा फोन

३ मार्च, सोमवार

ही वही नर्सबाईंनी दिली. म्हणाल्या, "आजी, डोळ्यात थेंब कधी घातले ते लिहीत जा, नाहीतर विसराल." तीन बाटल्या आहेत. पांढऱ्या झाकणाची चार वेळा, निळ्या झाकणाची तीन वेळा, गुलाबी झोपताना. आज सगळे घातले. लिहून झालं.

आता एवढं मोठं पान कोरं उरलं, ते वाया कशाला घालवायचं? माझी शाळा तिसरीत सुटली, पण अक्षर बाईंना आवडायचं. आणि उजव्या डोळ्यातला मोतीबिंदू काढल्यापासून सगळं इतकं लख्ख दिसतंय की काय सांगू. इथली भिंत मी पिवळी समजत होते, ती पांढरी निघाली. माझ्या हातांवर एवढे डाग आहेत हे मात्र कुणी सांगितलं नव्हतं.

मी सध्या नातवाकडे आहे. त्याला मी ठोंब्या म्हणते, कारण दीड वर्षाचा होईपर्यंत हा चालला नाही, जागच्या जागी बसून नुसता हसायचा. आता अडतीस वर्षांचा आहे आणि एका जागी बसेल तर शपथ. डोळ्यांचा दवाखाना त्याच्या घरापासून दोन गल्ल्यांवर, म्हणून माझा मुक्काम इथे. मुलगा, म्हणजे ठोंब्याचा बाप, मला गाडीनं कोपऱ्यापर्यंत सोडून गेला. उतरलासुद्धा नाही. पिशवी हातात दिली आणि म्हणाला, "डाव्या हाताला तिसरं दार, पायरी फुटकी आहे, जपून." कधी फिरकला नाही आणि पायरी फुटकी आहे हे मात्र बरं ठाऊक!

बापलेक नऊ वर्षं बोलत नाहीत. ठोंब्याला बायका नाही, पुरुष आवडतात. हे त्यानं जेवताना घरात सांगितलं. माझ्या मुलानं ताट भिरकावलं, आणि ठोंब्यानं त्याच संध्याकाळी घर सोडलं. मी म्हटलं होतं, "अरे, ताटावर कशाला राग?" पण माझं ऐकतो कोण. मला काय, नातू तो नातूच. सूनबाई महिन्यातून एकदा चोरून भेटते. मुलाला वाटतं ती दाताच्या डॉक्टरकडे जाते. एवढ्या वेळा गेली असती तर आत्तापर्यंत बत्तीशी नवी झाली असती.

पान संपलं.

४ मार्च, मंगळवार

थेंब घातले.

पुढची खोली म्हणजे ऑफिस, मागच्या दोन म्हणजे घर. सकाळी दहाला दार उघडतं. ठोंब्यासारखी जी मुलं आहेत त्यांच्यासाठी ही जागा. आणि एचआयव्ही ज्यांना आहे, किंवा असेल अशी भीती आहे, त्या सगळ्यांसाठी. मग तो ड्रायव्हर असो की कुणाची विधवा. बाजूच्या लहान खोलीत वही देणाऱ्या नर्सबाई बोटाला टोचून रक्त तपासतात. वीस मिनिटं थांबावं लागतं. ती वीस मिनिटं माणूस जसा बसतो ना, तसा मी फक्त बाळंतपणाच्या खोलीबाहेर बसलेला पाहिलाय.

ठोंब्यालाही तो आजार आहे. चार वर्षांपूर्वी त्यानं पेपरात फोटोसकट सांगितलं, की मला एचआयव्ही आहे, तुम्हीही तपासून घ्या, लपू नका. त्या दिवशी मी घरी पेपर मागितला, तर मुलगा म्हणाला आलाच नाही. पेपरवाला म्हणाला टाकला.

घरात आणखी एकजण आहे. तो शिंपी आहे, रस्त्याच्या तोंडाशी त्याचं दुकान. ताडासारखा उंच. माळ्यावरची वस्तू काढायला याला स्टूल लागत नाही, म्हणून मी त्याला शिडी म्हणते. सहा वर्षं दोघं एकत्र राहतात. ओल्या टॉवेलवरून असे भांडतात की लग्नाला तीस वर्षं झाली असावीत. मला आवडला. माझ्या झंपराच्या बाह्या त्यानं न मागता सैल करून दिल्या.

६ मार्च, गुरुवार

आज मोठीच गंमत झाली. गंमत म्हणू की आगाऊपणा, नर्सबाई काय म्हणतात त्यावर आहे.

ऑफिसात एक फोन आहे. कुणीही करावा, नाव न सांगता विचारावं. त्याचा नंबर भिंतींवर, मुताऱ्यांत, बसथांब्यांवर चिकटवलाय. फोनच्या वर ठोंब्याच्या हातचे चार नियम लावलेत. माझा नवा डोळा कसाला लावून मी ते वाचले. एक, नाव विचारायचं नाही. दोन, उपदेश करायचा नाही. तीन, एकाची गोष्ट दुसऱ्याला सांगायची नाही, घरच्यालाही नाही. चार, समोरचा गप्प असला तरी आपण फोन ठेवायचा नाही, "मी आहे" म्हणत राहायचं.

गुरुवारी मोठ्या हॉस्पिटलात या आजाराच्या गोळ्या मिळतात. नवीन माणसं घाबरतात म्हणून ठोंब्या दिवसभर तिथे त्यांच्याबरोबर रांगेत उभा असतो. नर्सबाई जेवायला गेल्या होत्या. बरोबर तीन वाजता फोन वाजला. वाजतोय, वाजतोय. आता एखादं लेकरू रडत असलं तर आपण हात बांधून बसतो का? उचलला.

मी म्हटलं, "कोण?" म्हणजे पहिला नियम तिथेच मोडला. तिकडून काहीच नाही. डावा कान माझा केव्हाच गेलाय, उजव्याला लावला. फक्त टक... टक... असा आवाज. लाइन खराब असावी. मग श्वास ऐकू आला, एकदम आत ओढलेला, जसा पोरं चोरी पकडल्यावर ओढतात. मी म्हटलं, "घाबरू नको. मी ठोंब्याची आजी. इथले शहाणे सगळे बाहेर गेलेत, मी एकटी आहे. नियम असा आहे की तू गप्प बसलास तर मी बसायचं नाही. तेव्हा मी बोलते." आणि बोलले. मोतीबिंदूचं सांगितलं, भिंतीच्या रंगाचं सांगितलं. जेवलास का विचारलं. दहा मिनिटं तरी झाली असतील. मग त्यानं हळूच ठेवला. आपटला नाही. चांगल्या घरचं पोर दिसतंय.

नर्सबाई आल्यावर सांगितलं. मला वाटलं ओरडतील, तर हसल्या. "तो होय! तो आमचा गुरुवारवाला. चार वर्षं झाली, दर गुरुवारी तीनला. एक शब्द नाही. मी 'नमस्कार, बोला' म्हणते, तो जरा थांबतो आणि ठेवतो. जणू ऑफिस चालू आहे की नाही एवढंच बघायला."

"आणि ठोंब्यानं कधी उचलला नाही?"

"एकदा उचलला होता. ठोंब्याचा आवाज ऐकताच तिकडून कट."

दहा मिनिटं थांबला हे ऐकून त्यांनी डोळे मोठे केले. म्हणाल्या, "आजी, गुरुवार तुमचा."

चार वर्षं! म्हणजे पंधरा-सोळाचा असताना सुरुवात केली असणार. आता वीसचा असेल. कोवळं पोर. थेंब एकदा राहिले.

१३ मार्च, गुरुवार

पावणेतीनपासून खुर्चीत बसले. शिडीनं खाली ठेवायला उशी शिवून दिली आहे. तीनला वाजला. टक टक तसंच.

आज मी त्याला माझ्या मुलाचं सांगितलं. कुणाचं नाव घेतलं नाही, तेव्हा नियम मोडला असं नाही. म्हटलं, "बाळा, तुझ्या घरी बाप कडक असेल तर मला नवल नाही, मीही तसलाच एक पोसलाय. गुरुवारी त्याचं दुकान बंद असतं, म्हणजे आम्हा बायकांचा तो कामाचा दिवस. उठल्यापासून तोंड पाडून बसतो. दुपारी म्हणतो, तुम्ही दोघी जरा पडा, आणि आम्हाला खोलीत घालवतो. दाराशी बसून काय करतो कोण जाणे. स्वयंपाकघराचा नळ दोन वर्षं गळतोय. मी सांगून दमले. वॉशर टाकायचा फक्त! सगळ्या गावाला स्क्रू विकतो आणि घरचा नळ ठिबकतो. पोराशी बोलायचं सोडलंस ते सोडलंस, नळानं तुझं काय घोडं मारलंय?"

तिकडून फूऽ असा आवाज आला. हसला असावा! पहिल्यांदाच. मला इतका आनंद झाला की पुढचं काय बोलायचं होतं ते विसरले.

१६ मार्च, रविवार

आज ऑफिस बंद. दुपारी जेवणं झाल्यावर ठोंब्यानं आपल्या बापाची नक्कल करून दाखवली. दोन्ही हात कमरेवर, आधी दोनदा घसा खाकरायचा, खर्र, खर्र, आणि मग, "बरं का." अगदी हुबेहूब! मी हसून हसून डोळा धरला, म्हटलं टाका उसवेल. शिडी हसला, पण ठोंब्या नक्कल झाल्यावर बराच वेळ खिडकीशी उभा राहिला.

नंतर शिडी इस्त्री करत होता तेव्हा मला म्हणाला, "आजी, एक सांगतो, त्याला कळू देऊ नका." मी म्हटलं, माझ्या पोटात गेलं ते विहिरीत गेलं. तर तो म्हणाला, दोन वर्षांपूर्वी ठोंब्याला न्यूमोनिया झाला होता. आठ दिवस हॉस्पिटलात. तापात तो वेड्यासारखा दाराकडे बघायचा आणि विचारायचा, "बाबा आले का?" शिडी म्हणायचा, येतायत. आठही दिवस म्हणाला, येतायत. बरा झाल्यावर ठोंब्याला यातलं काही आठवत नव्हतं, आणि शिडीनंही आठवण दिली नाही.

मला तेव्हा सूनबाईनं सांगितलं होतं की ठोंब्या सहलीला गेलाय.

शिडीनं एक बाही दोनदा इस्त्री केली.

२० मार्च, गुरुवार

आज फोनवर टक टक नव्हतं. एकदम स्वच्छ लाइन. फोनवाल्यांनी दुरुस्त केली वाटतं. तसं त्याला म्हटलंही, "आज आवाज छान येतोय रे, बिघाड गेला." यावर तो जरा खोकला.

मग मनात आलं, या पोराला नेमकी भीती कशाची? नक्की आजाराची. चार वर्षं फोन करतो आणि तपासायला येत नाही. त्याला धीर यावा म्हणून मी ठोंब्याचंच उदाहरण दिलं. म्हटलं, "माझ्या नातवाला हा आजार आहे, पेपरातच आलंय, आणि बघ, घोड्यासारखा हिंडतो. रोज सकाळी साडेनऊला पोटभर खाऊन एक गोळी घेतो. एकच. माझ्या रक्तदाबाला तीन आहेत. डॉक्टर म्हणाले रक्तात आता विषाणू सापडतसुद्धा नाही. मी त्यांना पदर पसरून विचारलं, किती जगेल? ते म्हणाले, आजी, गोळी चुकवली नाही तर तुमच्याएवढा म्हातारा होईल, फक्त तुमच्याएवढा बोलणार नाही."

तिकडे खुर्ची सरकल्यासारखा आवाज आला. मग काहीच नाही. मला वाटलं ठेवला. मी म्हटलं, "आहेस ना?" तर नाक शिंकरल्याचा आवाज. म्हणजे आहे.

मग मी घसरले. खरं तेच लिहिते. मी म्हटलं, "तू आपल्या बापाशी एकदा बोल. बाप कितीही ताट फेकणारा असो. आमच्या ठोंब्याला न्यूमोनिया झाला तेव्हा आठ दिवस तापात 'बाबा आले का' म्हणत होता. तो बाप आला नाही, कारण त्याला कुणी सांगितलंच नाही. तुझ्या बापालाही काही ठाऊक नसेल."

यावर इतका वेळ शांतता की मी घड्याळ बघितलं. सहा मिनिटं. मग ठेवला.

मला वाटलं आज मी मोठं काम केलं.

२१ मार्च, शुक्रवार

काल रात्रीच्या जेवणात मी सगळं सांगून टाकलं. कौतुक होईल म्हणून. शिडीचा घास हातातच राहिला. ठोंब्यानं त्याच्याकडे बघितलं आणि विचारलं, "मी असं म्हणत होतो?" शिडी म्हणाला, "ताप होता." ठोंब्या म्हणाला, "आठ दिवस?" आणि उठून गेला.

नर्सबाई आज सकाळी बोलल्या. ओरडल्या नाहीत. ओरडल्या असत्या तर बरं वाटलं असतं. म्हणाल्या, "आजी, त्याला आजार आहे हे त्यानं स्वतः सांगितलं, तो त्याचा हक्क. पण तापातलं ते त्याचं त्यालाही माहीत नव्हतं. शिडीनं तुम्हाला विश्वासानं सांगितलं, आणि तुम्ही ते एका अनोळखी माणसाला दिलं. मागच्या वर्षी एका बाईचा रिपोर्ट असाच तोंडातून तोंडात गेला. आठवड्यात तिला घराबाहेर काढलं. सासूला कुणी सांगितलं माहितीये? जिनं सांगितलं ती म्हणाली, मी धीर द्यायला बोलले."

फोन माझ्याकडून काढून घेतला. बरोबर केलं.

शिडीकडे जाऊन म्हटलं, "माझ्या पोटाची विहीर नाही रे, चाळणी आहे." तो म्हणाला, "असू दे आजी." पण आज त्यानं मला चहात साखर किती विचारलं. एरवी तो विचारत नाही, त्याला ठाऊक असतं.

२५ मार्च, मंगळवार

आज आम्ही मोठ्या हॉस्पिटलात गेलो होतो. तिथे या आजाराचा पेशंट असला की त्याच्या कॉटवर लाल चिकटपट्टी लावतात. मग झाडूवाला कॉटखाली झाडत नाही, जेवणाचं ताट दाराशीच ठेवतात, आणि शेजारच्या कॉटचे नातेवाईक नाक धरतात. ठोंब्या सात महिने अर्ज करतोय. उत्तर नाही. आज साठ जण गेलो आणि प्रत्येकानं आपल्या छातीवर तीच लाल पट्टी लावून मधल्या दालनात जमिनीवर बसलो. मला खुर्ची दिली. मी पट्टी काळ्या चष्म्यावर लावली, कारण नव्या पातळावर डिंक लागला असता.

मोठे डॉक्टर आले. म्हणाले, "यातले पेशंट कोण आणि बाकीचे कोण?"

ठोंब्या म्हणाला, "तुम्ही डॉक्टर आहात. बघून सांगा."

डॉक्टर सगळ्यांकडे बघत बघत माझ्यापाशी थांबले. मी म्हटलं, "मला मोतीबिंदू आहे. दुसरा मे महिन्यात." दालनभर हशा पिकला. डॉक्टरही हसले, मग हसल्याचा त्यांना राग आला आणि आत गेले. आम्ही चार तास बसलो. फोटो काढायला पेपरवाले आले. ठोंब्या उभा राहून बोलला. आवाज चढवत नाही, हातवारे नाहीत, पण सगळे ऐकतात. नऊ वर्षांपूर्वी एक टेबल आणि हा फोन एवढ्यावर यानं सुरुवात केली. मला भरून आलं. डोळ्याला पाणी लागू द्यायचं नाही म्हणून वर छताकडे बघत बसले.

परतताना रिक्षात ठोंब्या माझा हात धरून म्हणाला, "आजी, मी रागावलो नाही. फक्त मला वाटायचं, मी त्यांची वाट बघणं केव्हाच सोडलंय."

२७ मार्च, गुरुवार

तीनला फोन वाजला. नर्सबाईंनी उचलला. "नमस्कार, बोला." कट. पाच मिनिटांनी पुन्हा. कट. पुन्हा तिसऱ्यांदा. एका दुपारी तीनदा त्यानं कधीच केला नव्हता, असं नर्सबाई म्हणाल्या.

मी दाराशी उभी होते. काय वाटलं ते लिहवत नाही. पोरानं जिवाचं काही बरंवाईट केलं तर? मी त्याला बापाशी बोल म्हटलं. तो बोलला असेल, आणि त्या बापानंही ताट फेकलं असेल तर?

२ एप्रिल, बुधवार

लाल पट्ट्या काढल्या! हुकूम निघाला. ठोंब्यानं कागद तीनदा वाचून दाखवला. शिडीनं उरलेल्या पट्ट्यांनी माझ्या काठीला वेढे घातले.

या आनंदात मी विचारून घेतलं. म्हटलं, "उद्या गुरुवार. एकदाच त्या पोराशी बोलू दे. जिवंत आहे एवढं कळू दे." नर्सबाई आणि ठोंब्या एकमेकांकडे बघू लागले. ऑफिसात एकाच लाइनवर दोन फोन आहेत, दुसरा तपासणीच्या खोलीत. नवीन माणसाला शिकवताना नर्सबाई दुसरा कानाला लावून बसतात. ठोंब्या म्हणाला, "उद्या हॉस्पिटलात दुसरं कुणी जाईल. मी दुसऱ्या फोनवर बसतो. तू घसरलीस की मी लाइन कापणार."

"काप बाबा, पण उचलू दे."

३ एप्रिल, गुरुवार

तीन वाजले. फोन वाजला. मी उचलला, समोर तपासणीच्या खोलीच्या खिडकीतून ठोंब्या दुसरा फोन घेऊन बसलेला दिसत होता. हातात पेन्सिल.

मी म्हटलं, "आहेस का रे? मी आजी." तिकडून इतका मोठा सुस्कारा की मला रडू आलं. मी म्हटलं, "तुझ्यापायी मला बोलणी बसली. बरोबरच बसली, मी दुसऱ्याची गोष्ट तुला सांगितली. तू ती कुणाला सांगू नको. आणि मी उपदेश केला तोही परत घेते. बापाशी बोलायचं की नाही ते तुझं तू बघ. फक्त फोन करत जा. गप्प बसलास तरी चालेल."

आणि मग चार वर्षांत पहिल्यांदा त्यानं घसा साफ केला. खर्र, खर्र. दोनदा. घोगरा आवाज. वयात येताना पोरांचा आवाज फुटतो, तसाच. मी म्हटलं, आता बोलणार!

खिडकीत ठोंब्याची पेन्सिल पडली. तो पांढराफटक पडला. मला वाटलं मी पुन्हा काही चुकले आणि हा लाइन कापतोय. पण नाही. त्यानं पेन्सिल उचलून बाजूला ठेवली. मग हळू आवाजात, फोन करणाऱ्या सगळ्यांना जसं सांगतो तसंच म्हणाला, "घाई नाही. आम्ही फोन ठेवत नाही."

त्याचा आवाज ऐकूनही पोरानं कट केला नाही!

मला ठोंब्यानं हातानं खूण केली, तू ठेव. मी ठेवला. तो चाळीस मिनिटं फोन कानाला लावून बसला होता. मी मधे दोनदा डोकावले. दोघांतलं कुणीच काही बोलत नव्हतं, असं त्याच्या तोंडावरून दिसलं. नर्सबाईंनी एका माणसाची तपासणी स्वयंपाकघरात उरकली.

नंतर ठोंब्या आला आणि धुतलेले कप पुन्हा धुवायला लागला. मी विचारलं, "ओळखीचा निघाला का रे?"

"नियम एक आणि नियम तीन, आजी."

"बरं बरं. पण बरा आहे ना तो?"

"आहे." मग थोड्या वेळानं म्हणाला, "घरचा नळ गळायचा थांबला का गं?"

मला काय माहीत? मी महिन्याहून जास्त इथे आहे. आणि कुठे तो पोरगा, कुठे नळ. दमलाय बिचारा.

६ एप्रिल, रविवार

आज घरी आले, पण आजचं लिहायलाच हवं.

सकाळी नवाला मुलगा न्यायला आला. मी सामान घेऊन कोपऱ्यावर जायला निघाले, तर दाराशी तोच उभा. फुटकी पायरी ओलांडून. बरोबर सूनबाई. म्हणाला, "सामान जड असेल." सामान म्हणजे एक पिशवी आणि शिडीची उशी.

शिडीनं दोन खुर्च्या पुढे ओढल्या. मुलगा बसला. भिंतीवरचे चार नियम वाचले. मग फोनकडे बघत राहिला, जसं काय फोन कधी पाहिलाच नाही. सूनबाईनं पदर तोंडात धरला होता. मीच आपली पोपटपंची चालू ठेवली, लाल पट्ट्यांची गोष्ट सांगितली. मुलगा मला म्हणाला, "पेपरात फोटो बघितला. चष्मा वाकडा होता तुझा." म्हणजे आता पेपर येतो वाटतं.

शिडीनं सगळ्यांना अंडी आणि पाव दिले. सगळे खाली बघून खात होते. माझ्या मुलाचं ताट मी डोळ्यांत तेल घालून बघत होते. पण त्यानं ते दोन्ही हातांनी धरलं होतं. शिडीनं विचारलं, "आणखी देऊ का बाबा?" मुलगा जरासा दचकला, आणि म्हणाला, "अर्धा."

मग त्यानं घड्याळाकडे बघितलं. दोनदा घसा खाकरला. म्हणाला, "बरं का... साडेनऊ झाले. तुझी गोळी."

ठोंब्या उठला. आत गेला. बराच वेळ आला नाही. आला तेव्हा पाण्याचा पेला हातात होता, आणि बापासमोर उभं राहून त्यानं गोळी घेतली. बाप बघत होता, गिळेपर्यंत. लहानपणी औषध देऊन असाच बघायचा, थुंकेल म्हणून. मग म्हणाला, "तेव्हा मला कळलं नव्हतं रे." एवढंच. कुठलं तेव्हा, ते काही बोलला नाही.

सूनबाई रडली. शिडी रडला. नर्सबाई रविवारच्या सुट्टीवर होत्या, नाहीतर त्याही रडल्या असत्या. मला मात्र एकच घोर लागला. साडेनऊचं याला सांगितलं कोणी? मी ठोंब्याला बाजूला घेऊन शपथेवर सांगितलं, "मी नाही हो! मी आता नियम तीन पाळते."

तो म्हणाला, "मला माहीत आहे, आजी."

बापाचं काळीज असतं, त्याला कळतं म्हणायचं.

निघताना मी विचारलं, "त्या गुरुवारच्या पोराशी आता कोण बोलेल? नर्सबाईंना बघून तो बुजतो."

ठोंब्या म्हणाला, "गुरुवारी तीनला आता मीच बसणार आहे."

मग माझा जीव भांड्यात पडला.

१० एप्रिल, गुरुवार

घरी थेंब घालायला सूनबाई मदत करते. नळ गळत नाही. मी म्हटलं कधी केलास, तर मुलगा म्हणतो, "झाले पंचवीस दिवस." कमाल आहे, दोन वर्षं बोलले तेव्हा हलला नाही, आणि मी गेल्यावर केला.

तीन वाजत आले तशी मी अस्वस्थ झाले. ते पोर फोन करेल, ठोंब्या उचलेल, तिथे दोन शब्द तरी बोलेल का? पावणेतीनला मुलगा म्हणाला, "तुम्ही दोघी जरा पडा." मी पडले, पण झोप कसली. तीनला उठून बाहेर आले, तर हा दाराशी खुर्ची टाकून फोनवर. आणि चक्क बोलतोय! "अर्ध्या इंची वॉशर... नाही, रबरी नको, टिकत नाही... पायरीला सिमेंट मी रविवारी आणतो..."

मी विचारलं, "कुणाशी?"

फोनवर हात ठेवून म्हणाला, "ठोंब्याशी."

"ऑफिसच्या फोनवर?"

"हो."

मी कपाळाला हात लावला. अरे, नऊ वर्षं बोलला नाहीस, आणि बोलायला नेमकी हीच वेळ सापडली? गुरुवार, तीन! पण सांगू कशी? नियम तीन, घरच्यालाही सांगायचं नाही. मी नुसती त्याच्यासमोर येरझारा घालत होते, घड्याळाकडे बोट दाखवत होते. त्यानं हातानंच मला बस म्हटलं आणि हसत सुटला.

साडेतीन झाले तरी चालूच. तिकडे ते बिचारं पोर नंबर फिरवून फिरवून दमलं असेल.

थेंब घातले.